पाच जणांचे पथक, तीन पदके : सान मारिनोच्या टोकियो मोहिमेचा प्रकरण अभ्यास

इंदूरला कुस्तीचे वेड जुने आहे. त्यामुळे ५ ऑगस्ट २०२१ रोजी टोकियो ऑलिम्पिकमधील ८६ किलो गटाची कांस्यपदकाची लढत सुरू झाली, तेव्हा कोविडमुळे सराव निम्म्यावर आलेला असतानाही आमच्या मंडळाच्या व्यायामशाळेत एका मोबाइलभोवती बारा-पंधरा डोकी जमली होती. दीपक पुनिया २-१ असा पुढे होता. शेवटची दहा सेकंदे उरली असताना सान मारिनोच्या प्रतिस्पर्ध्याने त्याला खाली घेऊन दोन गुण मिळवले, भारतीय बाजूने दिलेले आव्हान फेटाळले गेले, त्यापायी आणखी एक गुण गेला आणि फलक ४-२ वर थांबला. कोणी काही बोलले नाही. मग आमच्या वस्तादांनी विचारले, “अरे, पण हे सान मारिनो आहे तरी कुठे?”

यंदा आमच्या कार्यकारिणीत पथकनिवडीचा वाद उभा राहिला तेव्हा मला तो प्रश्न आठवला. मंडळाकडे नियमित येणारी चाळीसेक मुले आणि तीन प्रशिक्षक आहेत, आणि विभागीय स्पर्धेच्या प्रवेशपत्रात खेळांचे नऊ रकाने आहेत. सगळे रकाने भरावेत, पथक भरलेले दिसावे, असे काही सभासदांचे म्हणणे होते. मला ते पटत नव्हते, पण विरोधाला आधार हवा होता. म्हणून रामबागेतल्या आमच्या रविवारच्या अभ्यासवर्गासाठी मी सान मारिनोचे प्रकरण घेतले. त्या वर्गात जे मांडले आणि त्यावर जे प्रश्न आले, ते येथे एकत्र केले आहे.

सान मारिनो हा चहूबाजूंनी इटलीने वेढलेला, ६१ चौरस किलोमीटरचा आणि सुमारे ३४ हजार वस्तीचा देश आहे. इंदूर महापालिकेचे ८५ प्रभाग आहेत आणि २०११च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या वीस लाखांच्या घरात होती. म्हणजे सरासरीने पाहिले तर आपल्या दीड प्रभागात तो देश मावतो. त्याची ऑलिम्पिक समिती १९५९ची. १९६० मध्ये रोम येथे त्याचे पथक पहिल्यांदा उतरले आणि त्यानंतर एकसष्ट वर्षे त्याला एकही पदक मिळाले नाही. टोकियोला त्यांनी पाच खेळाडू पाठवले : ट्रॅप नेमबाजीत अलेस्सांद्रा पेरिल्ली आणि जान मार्को बेर्ती, कुस्तीत मायल्स अमीन, जलतरणात अरियाना वालोनी आणि ज्युदोत पाओलो पेर्सोलिया. २९ जुलैला पेरिल्लीने महिलांच्या ट्रॅपमध्ये कांस्य जिंकले, ३१ जुलैला पेरिल्ली आणि बेर्ती यांनी मिश्र ट्रॅपमध्ये रौप्य मिळवले आणि ५ ऑगस्टला अमीनने कांस्य जिंकून आमच्या त्या दुपारचा विरस केला. सव्वाशेच्या आसपास खेळाडू घेऊन गेलेल्या भारताला त्याच स्पर्धेत सात पदके मिळाली, आणि ती आपली तोवरची सर्वोत्तम कामगिरी होती.

हे आकडे समोर आले की लोकसंख्येने भागाकार करण्याचा मोह होतो. अकरा-साडेअकरा हजार माणसांमागे एक पदक, असा हिशेब त्या दिवसांत सगळीकडे फिरला. माझ्या मते हा भागाकार करमणुकीपुरता ठीक आहे, कारण तीन पदकांपैकी दोन एकाच बाईच्या गळ्यात पडली होती आणि तिसरे जिंकणारा अमेरिकेत वाढलेला होता. अशा ठिकाणी सरासरीतून काहीच कळत नाही. तिन्ही पदके वेगवेगळ्या वाटांनी आली. त्या वाटा एकेक करून पाहाव्या लागतात.

पहिली वाट सर्वांत लांब आहे आणि मला ती सर्वांत महत्त्वाची वाटते. ट्रॅप हा प्रकार आपल्याकडे फारसा पाहिला जात नाही, म्हणून तो थोडा समजावून सांगतो. नेमबाज बारा बोअरची बंदूक घेऊन एका रेषेवरच्या पाच जागांपैकी एकीवर उभा राहतो. समोर पंधरा मीटरवर जमिनीखाली खंदक असतो आणि त्यात तबकड्या फेकणारी पंधरा यंत्रे, प्रत्येक जागेसाठी तीन, बसवलेली असतात. नेमबाज बंदूक खांद्याला लावतो, गाल दस्त्यावर टेकवतो आणि ओरडतो. त्याचा आवाज मायक्रोफोनने टिपताच तिघांपैकी कोणते तरी एक यंत्र अकरा सेंटिमीटर व्यासाची, जेमतेम १०५ ग्रॅमची तबकडी सोडते. ती डावीकडे जाईल, उजवीकडे की सरळ, उंच की जमिनीलगत, हे त्याला आधी ठाऊक नसते. काडतुसात २४ ग्रॅम छर्रे असतात. प्राथमिक फेरीत दुसरी गोळी झाडण्याची मुभा असते, अंतिम फेरीत नसते. तबकडीचा टवका उडालेला दिसला की एक गुण, नाही तर शून्य. पुढच्या नेमबाजाची पाळी लगेच येते आणि हुकलेल्याने चालत पुढच्या जागेवर जायचे असते. हळहळायला वेळ मिळतो तो तेवढाच.

२०१२च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये पेरिल्ली चोवीस वर्षांची होती आणि आपल्या पथकाची ध्वजवाहक होती. इटलीच्या जेसिका रोस्सीने शंभरपैकी ९९ तबकड्या फोडून सुवर्ण केव्हाच निश्चित केले होते. तिच्यामागे तिघी ९३ गुणांवर अडकल्या : स्लोव्हाकियाची झुझाना श्टेफेचेकोवा, फ्रान्सची देल्फिन रेओ आणि पेरिल्ली. पदके दोन आणि दावेदार तीन, म्हणून निकाल शूट-ऑफवर, म्हणजे बरोबरी फोडणाऱ्या जादा फेरीवर गेला, आणि त्यातून पेरिल्ली चौथी होऊन बाहेर आली. बावन्न वर्षांत सान मारिनोचा कोणीही पदकाच्या इतक्या जवळ पोहोचला नव्हता. रिओतही पदक आले नाही.

यानंतर काय घडले याइतकेच काय घडले नाही हेही पाहण्यासारखे आहे. पदक हुकले म्हणून तिचा खेळ बदलला नाही, जागा दुसऱ्या कोणाला दिली गेली नाही, आणि ‘चार वर्षे झाली, आता दुसऱ्या प्रकारात नशीब पाहू’ असेही झाले नाही. नऊ वर्षे तीच बाई त्याच रेषेवर उभी राहत गेली. टोकियोत श्टेफेचेकोवा पुन्हा होतीच. तिने प्राथमिक फेरीत १२५ पैकी १२५ तबकड्या फोडल्या आणि अंतिम फेरीत पन्नासपैकी ४३ फोडून सुवर्ण नेले. अमेरिकेची केल ब्राउनिंग ४२ वर राहिली. त्या अंतिम फेरीत सहा जणी असतात आणि ठरावीक तबकड्यांनंतर तळाची एकेक बाहेर पडते. पेरिल्ली चाळीस तबकड्यांपर्यंत टिकली, त्यातल्या २९ तिने फोडल्या. चाळीसमध्ये २९ हा काही डोळे दिपवणारा आकडा नाही, पण त्या दिवशी तिच्याहून आधी तिघी गळाल्या होत्या आणि तिसऱ्या क्रमांकाला तेवढेच लागते.

दुसरी वाट लहान आणि थोडी योगायोगाची आहे. टोकियोसाठी नेमबाजीच्या कार्यक्रमातून पुरुषांचे तीन प्रकार वगळून त्यांच्या जागी स्त्री-पुरुषांच्या मिश्र स्पर्धा आणल्या गेल्या. वगळलेल्यांत डबल ट्रॅप होता, म्हणजे २००४ मध्ये अथेन्सला राज्यवर्धनसिंह राठोड यांनी ज्यात रौप्य जिंकले तो प्रकार. त्याच्या जागी मिश्र ट्रॅप आला. दोनच माणसे लागणारी सांघिक स्पर्धा ही लहान देशासाठी केवढी मोठी सोय आहे, हे खो-खोसाठी मुले जमवताना घाम फुटणाऱ्या आमच्यासारख्यांना वेगळे सांगायला नको. अंतिम लढतीत स्पेनच्या फातिमा गाल्वेस आणि आल्बेर्तो फेर्नांदेस यांनी सान मारिनोला ४१-४० असे हरवले. पन्नास तबकड्यांत फरक एका तबकडीचा होता. पण पुढे पॅरिसला मिश्र ट्रॅप काढून मिश्र स्कीट (तबकड्यांच्या नेमबाजीचाच दुसरा प्रकार) ठेवण्यात आला, आणि ज्या दारातून रौप्य आले ते दार बंद झाले. त्याच मिश्र स्कीटमध्ये आपले अनंतजीतसिंह नरुका आणि महेश्वरी चौहान चीनकडून ४४-४३ असे हरून चौथे आले, हेही जाता जाता नोंदवतो. कोणते दार उघडे राहील हे लहान देशाच्या हाती नसते. ते उघडेल तेव्हा आत शिरायला माणूस तयार असणे एवढेच त्याच्या हाती असते, आणि पेरिल्ली तयार होती ती पहिल्या वाटेवर नऊ वर्षे चालल्यामुळे.

तिसऱ्या वाटेवर आमच्या वर्गात सर्वाधिक खडाजंगी झाली. मायल्स अमीन मिशिगन राज्यात वाढला, तेथील विद्यापीठाकडून कुस्ती खेळला आणि आजोळच्या मुळांमुळे सान मारिनोचा झाला. “ही उसनवारीच की,” असे आमच्या एका ज्येष्ठ सभासदांनी ठणकावून सांगितले. मला ते तितके सरळ वाटत नाही. पूर्वजांचे गाव सुटल्यावर पिढ्यान् पिढ्या दूर राहूनही त्या गावाचे नाव लावणे म्हणजे काय, हे होळकरांच्या काळात येथे आलेल्या घरांतल्या माणसांनी तरी परके मानू नये. शिवाय अमीन आयत्या वेळी आणलेला पाहुणा नव्हता. २०१९च्या जागतिक स्पर्धेत तो ८६ किलो गटात पाचवा आला आणि त्या बळावर टोकियोची जागा त्याने स्वतः मिळवली; त्याच स्पर्धेत पुनियाने रौप्य जिंकले होते.

अमीनच्या बाबतीत खरे काम नियमाने केले आहे. ऑलिम्पिक कुस्तीत एका वजनगटात एका देशाचा एकच मल्ल उतरू शकतो. अमेरिकेकडे त्या गटात डेव्हिड टेलर होता आणि टोकियोत सुवर्ण त्यानेच जिंकले. अमेरिकेकडून जायचे म्हटले असते तर अमीनला आधी टेलरला हरवावे लागले असते, आणि टोकियोतच टेलरने त्याला सहज हरवले होते. उपान्त्य फेरीत टेलरने पुनियालाही १०-० असे बाद केले. टेलर अंतिम फेरीत गेल्यामुळे त्याच्याकडून आधी हरलेल्या अमीनला रेपेचाजमधून, म्हणजे अंतिम फेरी गाठणाऱ्यांकडून हरलेल्यांना मिळणाऱ्या दुसऱ्या संधीतून, परत येता आले आणि कांस्यपदकाच्या मॅटवर तो व पुनिया समोरासमोर आले. मोठ्या देशात दुसऱ्या क्रमांकाचा मल्ल घरी बसतो. लहान देशाच्या पोशाखात तोच मल्ल मॅटवर उतरतो.

नेमबाजीतही याच जातीचा नियम आहे. टोकियोत एका वैयक्तिक प्रकारात एका देशाचे जास्तीत जास्त दोन नेमबाज उतरू शकत होते. चीनकडे चांगल्या ट्रॅप नेमबाज दहा असोत की शंभर, रेषेवर उभ्या राहणार दोनच. संख्येचे बळ निवडचाचणीच्या मैदानावरच संपते, स्पर्धेच्या दिवशी ते कामाला येत नाही. सान मारिनोच्या तिन्ही पदकांमागे समान असे काही शोधायचे असेल तर ते येथे सापडते : जेथे नियम मोठ्यांची संख्या कापून एक-दोनवर आणतो, तेथे त्यांचा चांगला माणूस उभा होता.

वर्गात एका ताईंनी येथे नेमका बोट ठेवणारा प्रश्न विचारला. “सर, मग भूतानचे काय?” भूतानने १९८४ पासून २००८ पर्यंतच्या प्रत्येक उन्हाळी ऑलिम्पिकमध्ये फक्त तिरंदाजीत खेळाडू पाठवले. तिरंदाजी हा त्यांचा राष्ट्रीय खेळ; एकाग्रता म्हणावी तर याहून अधिक ती काय असणार? तरीही पदक नाही. म्हणजे एकच खेळ धरून बसणे पुरेसे नाही, हे मला तेथेच कबूल करावे लागले आणि टिपणाचा तो भाग नंतर नव्याने लिहावा लागला. भूतानची पारंपरिक तिरंदाजी सुमारे १४० मीटरवरच्या लक्ष्यावर चालते आणि ऑलिम्पिकची ७० मीटरवर. धनुष्य वेगळे, नेम घेण्याची रीत वेगळी, आणि रोज कस लावणारा तगडा प्रतिस्पर्धी शेजारी नाही. सान मारिनोच्या नेमबाजांना मात्र घराबाहेर पडले की इटली आहे : जगातल्या सर्वोत्तम ट्रॅप परंपरांपैकी एक, तिथली मैदाने, तिथल्या स्पर्धा, तिथले बंदुका आणि काडतुसे बनवणारे कारखाने. पेरिल्लीचा जन्मच इटलीतल्या रिमिनीचा, आणि तिची बहीण अरियानाही ट्रॅप नेमबाज आहे. लंडनमध्ये सुवर्ण जिंकलेली रोस्सी याच शेजारातली.

लिख्टेनस्टाइनचे उदाहरणही याच बाजूने साक्ष देते. त्या देशाची दहाही ऑलिम्पिक पदके हिवाळी स्पर्धांत, एकाच अल्पाइन स्कीइंगमध्ये मिळालेली आहेत आणि शेजार स्वित्झर्लंड-ऑस्ट्रियाचा आहे. दहापैकी सात पदके एका वेन्त्सेल घराण्याची आहेत : हान्नी हिची चार, तिचा भाऊ आन्द्रेआस याची दोन आणि २०१८ मध्ये हान्नीची मुलगी टीना वायराथर हिचे एक. लहान देशाचे क्रीडाधोरण कधी कधी एका स्वयंपाकघरात ठरते, असे मी वर्गात म्हणालो तेव्हा लोक हसले, पण मी ते गंमत म्हणून म्हटले नव्हते. पेरिल्ली बहिणी आहेत, अमीनचा भाऊ मलिकही सान मारिनोकडून कुस्ती खेळलेला आहे.

या सगळ्याखाली आणखी एक पायरी आहे. दहा लाखांहून कमी वस्तीच्या युरोपीय देशांची एक बहुक्रीडा स्पर्धा १९८५ पासून दर दोन वर्षांनी भरते आणि तिची पहिली भरवणी सान मारिनोतच झाली. आइसलँड, लक्झेंबर्ग, माल्टा, मोनॅको, अँडोरा, सायप्रस, लिख्टेनस्टाइन असे सहभागी; माँटेनेग्रो मागाहून आले. तेथे आपल्या जोडीच्यांशी खेळून मुलांना पदकाची चव कळते. घराबाहेर बलाढ्य शेजारी आणि घरात बरोबरीच्यांची जत्रा, अशा दोन्ही गोष्टी त्यांना लाभल्या आहेत.

पॅरिसला २०२४ मध्ये पेरिल्ली, बेर्ती आणि अमीन तिघेही पुन्हा गेले. अमीन कांस्यपदकाच्या लढतीपर्यंत पोहोचून हरला आणि सान मारिनोचे पथक रिकाम्या हातांनी परतले. यावरून टोकियोचे यश अपघात ठरते, असे कोणी म्हणाले तर मी हुज्जत घालणार नाही, कारण एका तबकडीने किंवा दहा सेकंदांनी ठरणाऱ्या गोष्टींत अपघाताचा वाटा असतोच. मात्र असा अपघात व्हायचा तरी त्या जागी माणूस असावा लागतो, आणि पॅरिसमध्येही तो होता.

आता आमच्या मंडळाविषयी, पण थोडक्यात. दोन वर्षांपूर्वी आम्ही अकरा मुले सात खेळांत उतरवली होती. मल्लखांबाला एक मुलगी होती, तयारी बरी होती. तिची पाळी पुकारली गेली तेव्हा आमचे मल्लखांबाचे प्रशिक्षक खो-खोच्या मैदानावर पंचांशी वयाच्या दाखल्यांवरून वाद घालत होते, कारण तेथे दुसरे कोणी नव्हते. मुलगी हाताला पावडर लावून, कोणाला विचारावे हे न कळून, बाजूला उभी राहिली आणि तिचे नाव पुढे गेले. चूक आयोजकांची नव्हती, आमची होती. परतीच्या बसमध्ये ती खिडकीकडे तोंड करून बसली होती आणि तिच्या हातांवरची पावडर देवासपर्यंत तशीच होती.

मल्लखांब हा २०१३ पासून मध्य प्रदेशाचा राज्यखेळ आहे. आमच्यापासून पंचावन्न किलोमीटरवर उज्जैन आहे आणि तेथील योगेश मालवीय यांना २०२० मध्ये मल्लखांबासाठी द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला. आमची इटली ती. दर पंधरा दिवसांनी सहा मुले उज्जैनला नेऊन तेथल्या मुलांसोबत सराव करू द्यावा, त्यासाठीचा गाडीखर्च उरलेल्या खेळांच्या गणवेशांवर होणाऱ्या खर्चातून काढावा आणि पुढची पाच वर्षे हे बदलू नये, असा माझा प्रस्ताव आहे. पाच वर्षे म्हटल्यावर कार्यकारिणीत कुजबुज झाली. दर दोन वर्षांनी पदाधिकारी बदलणाऱ्या संस्थेत ती होणारच.

खजिनदार काकांनी शेवटी विचारले, “बाकीच्या पोरांना काय सांगायचे? तुम्ही पदकाचे नाही म्हणून?” याचे उत्तर टिपणात नव्हते. सान मारिनोनेही टोकियोला वालोनी आणि पेर्सोलिया यांना पाठवले होतेच आणि त्यांच्याकडून कोणी पदकाची अपेक्षा धरली नव्हती, एवढे मी सांगितले. त्यावर ठरले असे : मल्लखांबात सहा, कुस्तीत दोन, आणि धावण्यात ज्याला यायचे असेल तो, मल्लखांबाचे प्रशिक्षक स्पर्धा संपेपर्यंत दुसऱ्या मैदानावर जाणार नाहीत. प्रवेशपत्राचे सहा रकाने कोरे ठेवून काकांनी त्यावर सही केली, आणि कोऱ्या रकान्यांवर कोणी मागाहून काही लिहू नये म्हणून निळ्या शाईने तिरप्या रेघा मारल्या.